योलांडा बालाश, कात्री उडी आणि आमच्या पोरी : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सोलापुरात आम्ही मुलींना उंच उडी शिकवतो, तिथल्या सामानाच्या खोलीच्या दारावर आतल्या बाजूने एक काळा-पांढरा फोटो चिकटवलाय. उंच, सडपातळ बाई, एक पाय दांडीच्या पलीकडे गेलेला, दुसरा अजून अलीकडेच, आणि चेहरा असा की घरी बसून मेथी निवडतेय. सकाळी मुलींना सोडायला आलेले पालक स्टँड बाहेर काढायला हात लावतात, दार लोटतात आणि हमखास विचारतात, "ही कोण ओ मॅडम?" तेवढ्यावर थांबत नाहीत. तिने काय जिंकलं, ती उलटी का नाही पडत, आमच्या पोरीला का नाही शिकवत तसं, मोबाइलमध्ये तर सगळ्या पाठीवर पडतात... गेली कित्येक वर्षं तीच उत्तरं देतेय. आता लिहूनच टाकते.

एक खुलासा आधी. जिच्यावरून उडायचं तिला पुस्तकात 'आडवी काठी' लिहितात. पण सोलापुरात काठी म्हटलं की संक्रांतीच्या यात्रेतले सिद्धेश्वराचे नंदीध्वज डोळ्यांपुढे येतात, म्हणून मैदानावर आम्ही 'दांडी'च म्हणतो. 'आज कोणी दांडी मारली?' हा विनोद रोज होतो, आणि रोज कोणीतरी हसतंच.

फोटोतली बाई कोण?

योलांडा बालाश. रुमानियाची. जन्म १२ डिसेंबर १९३६, तिमिशोआरा नावाच्या शहरात. १९६० च्या रोम ऑलिंपिकमध्ये आणि १९६४ च्या टोकियो ऑलिंपिकमध्ये उंच उडीचं सुवर्णपदक तिचंच. बायकांची उंच उडी ऑलिंपिकमध्ये आली १९२८ साली. तेव्हापासून आजपर्यंत लागोपाठच्या दोन ऑलिंपिकमध्ये हे सुवर्ण राखणारी ती एकटीच. पश्चिम जर्मनीच्या उलरिके मायफार्थनेही दोन जिंकली, १९७२ मध्ये आणि १९८४ मध्ये, पण मध्ये बारा वर्षं गेली.

नाव नेमकं कसं म्हणायचं?

बालाश. शेवटी शेंगदाण्यातला 'श'. इंग्रजी बातम्यांत त्या अक्षराखालचं चिन्ह गाळतात, म्हणून आपल्याकडे 'बालास' झालं. ती हंगेरियन वंशाची. हंगेरियनमध्ये तिचं नाव बालाझ योलान असं लिहितात, आपल्या शाळेच्या हजेरीपटासारखं आडनाव आधी.

१४ विश्वविक्रम म्हणजे १४ वेळा एकाच बाईने? खरं का?

खरं. आणि हा हिशोब मला पाठ आहे, कारण एके काळी मी तो पाढ्यासारखा म्हणायचे. सगळे आकडे मीटरमध्ये: १.७५, १.७६, १.७८, १.८०, १.८१, १.८२, १.८३, १.८४, १.८५, १.८६, १.८७, १.८८, १.९०, १.९१. पहिला १४ जुलै १९५६ चा, बुखारेस्टमधला. शेवटचा १६ जुलै १९६१ चा, सोफियामधला. पाच वर्षांत १६ सेंटीमीटर.

यात दोन जागा अशा आहेत की पाढा थोडा अडखळतो. १.७५ नंतर विक्रम तिच्या हातून गेला होता. डिसेंबर १९५६ मध्ये मेलबर्न ऑलिंपिकला अमेरिकेच्या मिल्ड्रेड मॅकडॅनियलने १.७६ मारली. बालाशने पुढच्या ऑक्टोबरात तेवढीच मारून बरोबरी केली, तर महिन्याभरात चीनच्या झेंग फेंगरोंगने बीजिंगमध्ये १.७७ करून ठेवली. जून १९५८ मध्ये बालाशने १.७८ मारली आणि मग विक्रम जो तिच्या घरी आला तो १९७१ पर्यंत तिथेच राहिला. १९५८ च्या एका मोसमात तिने पाच वेळा तो वर नेला. त्याच वर्षी ऑक्टोबरात १.८३, म्हणजे बरोबर सहा फूट. सहा फुटांवरून जाणारी जगातली पहिली बाई ती.

पोरी विचारतात, एक-एक सेंटीमीटर का वाढवायची, एकदम पाच का नाही? अगं, दांडीला कळत नसलं तरी पायाला एक सेंटीमीटर कळतो. १.२० पार केलेल्या मुलीपुढे न सांगता १.२१ ठेवा आणि बघा.

रोमला ती कितीने जिंकली?

१४ सेंटीमीटरने. हे वाक्य लिहिताना मलाच दरवेळी थांबावं लागतं.

ती उडाली १.८५. दुसऱ्या नंबरावर पोलंडची एक आणि ब्रिटनची एक अशा दोघी, दोघींची १.७१. चौदा सेंटीमीटर म्हणजे किती हे मुलींना दाखवायला मी शंभराची जांभळी नोट दांडीवर उभी धरते. नवी नोट १४२ मिलिमीटर लांब असते. म्हणजे बाकी जग जिथे संपलं तिथे ही नोट उभी ठेवायची, आणि तिच्या वरच्या कडेला बालाश. उंच उडीत मोठ्या स्पर्धा दोन-तीन सेंटीमीटरवर ठरतात. कित्येकदा तर उंची सारखी असते आणि चुका मोजून निकाल लागतो.

टोकियोला फरक १० सेंटीमीटरचा. तिची १.९०, ऑस्ट्रेलियाच्या मिशेल ब्राउनची १.८०, तिसरी सोव्हिएत संघाची तैसिया चेंचिक, १.७८.

ती कधी हरलीच नाही का?

हरली. तिचं हरणंही मी मुलींना मुद्दाम सांगते, कारण ते फार मजेशीर वेळी झालं. १९५४ च्या युरोपियन स्पर्धेत, बर्नला, सतराव्या वर्षी तिला रौप्य मिळालं. ते ठीक. पण १९५६ च्या जुलैत विश्वविक्रम करून ती मेलबर्नला गेली आणि पाचवी आली! विक्रम करून साडेचार महिने झालेले, आणि पदकसुद्धा नाही. आपल्याकडे जिल्ह्याला पहिली आलेली पोरगी विभागाला गेली की तिसऱ्या उडीच्या वेळी तिचे डोळे जसे होतात, तसे तिचेही झाले असतील का, ठाऊक नाही. मला तरी तसं चित्र दिसतं.

त्यानंतर १९५७ ते १९६७. या काळात लागोपाठ १५० स्पर्धांमध्ये ती पहिली. युरोपियन विजेतेपद १९५८ ला स्टॉकहोममध्ये, पुन्हा १९६२ ला बेलग्रेडमध्ये. शेवटी दुखापतींनी पाय धरला आणि १९६७ मध्ये तिने उडी सोडली.

ती कुठल्या पद्धतीने उडायची? फोटोत ती बसल्यासारखी का दिसते?

हाच खरा प्रश्न, आणि फोटो लावला तोही यासाठीच. ती कात्री मारायची. आपल्याकडे कुणी कैची म्हणतं, कुणी सीझर. तिरकं धावत यायचं, दांडीपासून लांबच्या पायाने टेक-ऑफ घ्यायचा, जवळचा पाय सरळ वर फेकायचा, तो पलीकडे उतरू लागला की मागचा पाय वर, आणि धड जवळजवळ उभंच. पाय कात्रीच्या पात्यांसारखे एकामागून एक जातात. उतरायचं पायांवर. बालाशने त्यात थोडे बदल केले होते, पण मूळ चाल हीच. सोलापुरातल्या कुठल्याही शाळेत पहिल्या दिवशी पोरं न शिकवता जी उडी मारतात, ती ही.

आता गंमत अशी, की हिशोबाने ही सगळ्यात तोट्याची पद्धत. धड उभं असल्यामुळे शरीराचं वजन जिथे एकवटतं ती जागा, म्हणजे बेंबीच्या आसपासचा भाग, दांडीच्या बऱ्याच वरून न्यावा लागतो. पाठीवर जाणाऱ्या फॉसबरी उडीत अंग कमानीसारखं वाकतं. आधी डोकं, मग कंबर, मग पाय असं एकेक जातं आणि ती जागा दांडीच्या जेमतेम वर किंवा खालूनसुद्धा निघते. म्हणजे तेवढीच ताकद लावून फॉसबरीवाली जास्त उंच दांडी पार करते. बालाशला हा फायदा नव्हता. १.९१ ला तिने स्वतःला जितकं वर उचललं, तितकं उचलून चांगली फॉसबरी मारली असती तर दांडी कुठे असती याचा अंदाज तुम्हीच बांधा. मी बांधलाय, पण सांगत नाही. भांडणं होतात.

मग तिने तसं का केलं नाही? कारण तेव्हा फॉसबरी नव्हतीच. अमेरिकेच्या डिक फॉसबरीने १९६८ ला मेक्सिकोत २.२४ मारून सुवर्ण घेतलं तेव्हा जगाला ती दिसली, आणि बालाश तर आदल्या वर्षीच थांबलेली. तिच्या काळात खरी स्पर्धा होती ती स्ट्रॅडलशी, म्हणजे पोट दांडीकडे करून लोळत जायचं. तीही कात्रीपेक्षा फायद्याची मानली जायची. तरी कात्रीवालीच दहा वर्षं जिंकत राहिली.

मॅडम, जग कुठे गेलं आणि तुम्ही अजून कात्रीच शिकवता?

हो. आणि हे वाचून एखाद्या पालकाने पोरीला काढून नेलं तरी हो.

कारण उडी वर संपत नाही, खाली संपते. फॉसबरीत माणूस खांद्यांवर आणि पाठीवर पडतो. त्यासाठी मॅट लागते. मोठ्या स्पर्धेचा नियम ६ मीटर लांब, ४ मीटर रुंद आणि ७० सेंटीमीटर जाड मॅटचा आहे. एवढी मॅट आपल्या किती शाळांत आहे? मी स्वतः शाळेत उडायचे तेव्हा वाळूचा खड्डा होता, आणि वाळूत वाळू कमी, खडे जास्त. त्या खड्ड्यात आमच्या वर्गातल्या एका मुलाने टीव्हीवर बघून पाठीवर उडी मारली. मान वाचली, पण आठवडाभर तो सगळ्यांशी अख्खं अंग फिरवून बोलायचा. तेव्हा आम्ही हसलो. आज ते आठवलं की पोटात गोळा येतो.

जुने लोक वाळूत, भुशात पडायचे. फोमच्या गाद्या नंतर आल्या आणि फॉसबरी त्या गाद्यांमुळेच टिकली. कात्री त्याच्या आधीची आहे, पायांवर उतरणाऱ्यांची. ज्या मैदानावर वाळू आहे त्या मैदानाची ती उडी. बालाशचा फोटो मी लावलाय तो पोरींनी 'आपल्याकडे मॅट नाही म्हणून आपण कच्च्या' असं म्हणू नये म्हणून. याच उडीने एका बाईने १.९१ मारली, आणि तो आकडा दहा वर्षं कुणाला हलला नाही.

शिवाय कात्री शिकलेली वाया जात नाही. फॉसबरीतही टेक-ऑफ दांडीपासून लांबच्याच पायाने होतो. स्वतः डिक फॉसबरी शाळेत असताना स्ट्रॅडल जमेना म्हणून कात्रीवर परतला, आणि कात्री मारता मारता दरवेळी थोडा मागे कलत गेला. त्यातून ती उडी जन्मली. आजही मोठमोठे खेळाडू सरावाच्या सुरुवातीला कात्री मारतात. जिची कात्री पक्की, तिला मॅट मिळाली की पाठीवर जायला फार वेळ लागत नाही. ज्यांची तयारी झाली त्यांना आम्ही मॅट असलेल्या ठिकाणी नेतोच. वाळूवर मात्र फॉसबरी नाही म्हणजे नाही. रडलात तरी नाही.

मॅट नाही तर मग पडता कशावर?

वाळू, चाळून घेतलेली, दर पावसाळ्यानंतर खणून भुसभुशीत केलेली. तिच्यावर गोण्या. आपल्या गावाचा एक फायदा आहे: चादरी आणि टॉवेलच्या कारखान्यांतून सुताचं वेस्ट निघतं. एका मुलीचे वडील अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत मागावर आहेत. त्यांनी पहिल्यांदा चार गोण्या भरून आणून दिल्या. सूत दाबलं जातं, गोळे होतात, म्हणून पंधरा दिवसांनी गोण्या उलट्या करून बडवाव्या लागतात. हे काम उशिरा येणाऱ्यांचं. पण ध्यानात ठेवा, या गोण्या कात्रीसाठी आहेत. पाठीवर पडायला नाहीत.

हरियाणाच्या पूजा सिंगची गोष्ट पेपरात आली तेव्हा आमच्या पोरी फार खूश झाल्या. गवंड्याची मुलगी, सुरुवातीचा सराव बांबूची दांडी आणि भाताचा पेंढा भरलेली पोती यांवर. २०२५ मध्ये कोरियातल्या गुमी इथे तिने १.८९ मारून आशियाई विजेतेपद आणलं. "मॅडम, तिचा पेंढा, आमचं सूत," असं एकीने लगेच म्हणून घेतलं.

दांडी अंगाला लागेल अशी भीती वाटते. काय करावं?

इलॅस्टिक बांधा. परकराच्या नाडीच्या दुकानात रुंद इलॅस्टिक मिळतं, चार-पाच मीटर घ्या. दोन खांबांना बांधलं की झालं. लागलं तरी ताणतं, पडत नाही. दांडी पुन्हा पुन्हा ठेवण्यात सकाळ जात नाही हा दुसरा फायदा. आमच्याकडे नवीन मुलींना पहिले दोन महिने दांडी दिसतसुद्धा नाही.

कुठल्या पायाने उडायचं हे कसं ठरवायचं?

विचारून ठरवायचं नाही. विचारलं की मुलगी उजवा म्हणते, कारण उजवा म्हणजे चांगला असं डोक्यात बसलेलं असतं. कडुनिंबाच्या खालच्या फांदीचं पान पळत येऊन तोडायला सांगा, तीन-चार वेळा. ज्या पायावरून ती आपोआप उडते तो टेक-ऑफचा पाय. डावा निघाला तर खड्ड्याकडे तोंड करून उभं राहिल्यावर उजव्या बाजूने यायचं, उजवा निघाला तर डाव्या बाजूने.

मग पावलं. सुरुवातीला पाच, पुढे सात. चुन्याने खूण करायची आणि ती खूण रोज स्वतः मोजून करायची. आमची एक मुलगी, सातवीतली, खूण करताना टाचेला टाच लावून मोजते आणि ओठांत तेलुगूत आकडे म्हणते. मोजणी संपली की चुन्याची बोटं सलवारीला पुसते. सलवारीवर उजव्या मांडीशी कायमचा पांढरा डाग पडलाय. आई ओरडते. पण तिचा टेक-ऑफ चुकत नाही, आणि बाकीच्या पोरींची खूण दर आठवड्याला इकडची तिकडे होते.

पोरगी उंच असेल तरच उंच उडी जमते का?

उंच असेल तर सोपं जातं, हे खोटं कशाला बोलू. बालाश १.८५ होती, आणि त्यातले पायच जास्त. लांब पायांना कात्री मानवते.

पण उंची म्हणजे सगळं नाही. पुरुषांमध्ये अमेरिकेचा फ्रँकलिन जेकब्स फक्त १.७३ होता, त्याने १९७८ मध्ये २.३२ मारली. स्वतःच्या डोक्यावर ५९ सेंटीमीटर! स्वीडनचा स्टेफान होल्म १.८१ चा, २००४ चा ऑलिंपिक विजेता, त्याने २.४० मारलेली आहे.

माझ्याकडे प्रश्न बहुतेक वेळा उलट्या बाजूने येतो. साखर पेठेतल्या एक आजी नातीला घेऊन आल्या. आठवीतली मुलगी, खांदे पाडून, मान पुढे काढून चालणारी, उंच मुलींना जी सवय लागते ती.

"मॅडम, आधीच ताडासारखी वाढलीया. उड्या मारून आणखी वाढली तर पोरगा कुठनं आणायचा?"

"आजी, उडीनं उंची वाढत नाही."

"नक्की का?"

"नक्की. जेवढी वाढायची तेवढी ती वाढणारच, उडी मारू दे नाहीतर झोपून राहू दे."

आजींनी थोडा विचार केला. "मग मारू दे," म्हणाल्या. तीन महिन्यांनी ती मुलगी खांदे मागे घेऊन चालायला लागली. आजींना वाटतं ती आणखी वाढली. मी मोजून दाखवलं, तरी पटत नाही.

बालाशचं लग्न झालं होतं का? घरच्यांनी परवानगी कशी दिली?

घरच्यांचं मला माहीत नाही, पण लग्न झालं. नवरा योआन सोटर, तो स्वतः उंच उडीचा खेळाडू आणि पुढे तिचा प्रशिक्षक. खेळ सोडल्यावर ती शारीरिक शिक्षण शिकवायची. १९८८ ते २००५ रुमानियाच्या ॲथलेटिक्स महासंघाची अध्यक्ष होती. ११ मार्च २०१६ ला बुखारेस्टमध्ये वारली, वय ७९.

तिचा विक्रम कोणी मोडला? आता कितीवर आहे?

ऑस्ट्रियाच्या इलोना गुसेनबाउअरने, ४ सप्टेंबर १९७१ ला व्हिएन्नामध्ये, १.९२. तीही फॉसबरीवाली नव्हे, स्ट्रॅडलवाली. पुढच्याच वर्षी म्युनिक ऑलिंपिकमध्ये सोळा वर्षांच्या मायफार्थने पाठीवर जाऊन तेवढीच मारली आणि सुवर्ण नेलं. मग १९७७ मध्ये पूर्व जर्मनीच्या रोजमारी आकरमानने दोन मीटर पार केले, तेही स्ट्रॅडलनेच. ३० ऑगस्ट १९८७ ला बल्गेरियाच्या स्तेफ्का कोस्तादिनोवाने रोममध्ये २.०९ मारली, आणि हा आकडा जवळजवळ ३७ वर्षं टिकला. ७ जुलै २०२४ ला युक्रेनच्या यारोस्लावा माहुचिखने पॅरिसमध्ये २.१० केली. घरातल्या सात फुटी दाराच्या चौकटीखाली उभं राहून वर बघा. त्यापेक्षा सव्वा-दीड इंच कमी, बस्स.

माहुचिखचा विषय निघाला की पोरींना उडीपेक्षा तिचं झोपणं आवडतं. दोन उड्यांच्या मध्ये ती मैदानावर स्लीपिंग बॅगमध्ये आडवी पडते, अंग गार होऊ नये आणि डोकं शांत राहावं म्हणून. २०२२ मध्ये युद्ध सुरू झाल्यावर ती नीप्रोहून तीन दिवस मोटारीने प्रवास करून बेलग्रेडला पोचली होती आणि तिथे जागतिक इनडोअर विजेतेपद घेतलं होतं. या दोन्ही गोष्टी सांगितल्या, तर लक्षात राहिली झोपायची. आता आमच्याकडे एका वेळी तीन-तीन चादरी मैदानावर पसरलेल्या असतात. सोलापुरात चादरीला काय तोटा!

भारतातल्या मुली कुठपर्यंत गेल्या?

केरळच्या बॉबी अलॉयसियसने २००० मध्ये जकार्तात आशियाई विजेतेपद जिंकलं आणि २००४ मध्ये १.९१ मारली. आकडा ओळखीचा वाटला का? बालाशचा १९६१ चा. कर्नाटकच्या सहाना कुमारीने २०१२ मध्ये १.९२ मारून राष्ट्रीय विक्रम केला आणि लंडन ऑलिंपिकला गेली. तो गुसेनबाउअरचा १९७१ चा आकडा. म्हणजे फोम, फॉसबरी, सिंथेटिक ट्रॅक, सगळं मिळाल्यावर आपण जिथे पोचलो तिथे ती बाई कात्री मारत उभी होती. यात आपल्या दोघींना कमी लेखायचं नाही. त्यांना जे मैदान, जी मॅट, जे वय मिळालं ते मला माहीत आहे. आकडे शेजारी ठेवले की बालाश किती वर होती ते दिसतं, एवढंच.

दोघींची उंची सारखी झाली तर पहिली कोण?

शेवटी पार केलेल्या उंचीवर जिच्या चुका कमी ती. तिथेही सारख्या, तर स्पर्धेत त्या उंचीपर्यंतच्या सगळ्या चुका मोजायच्या. म्हणून सोप्या उंचीला आळसाने दांडी पाडू नका. तीन चुका लागोपाठ झाल्या की बाहेर. आणि दोन्ही पायांनी एकदम उडालं तर ती उडीच धरत नाहीत. लंगडी-खोखोवाल्या मुली हे सुरुवातीला विसरतात.

उन्हाळ्यात सराव बंद ठेवता का?

बंद नाही, वेळ बदलतो. एप्रिल-मे मध्ये पावणेसहाला सुरू, सव्वासातला संपवायचं. त्यानंतर लोखंडी स्टँडला हात लावून दाखवा. संध्याकाळची बॅच उन्हाळ्यात घेत नाही, जमीन सात वाजेपर्यंत वाफा सोडत असते. यात्रेच्या दिवसांत चार दिवस सुट्टी, कारण सुट्टी दिली नाही तरी कोणी येत नाही.

खायला काय द्यायचं? पावडर आणू का?

आणू नका. ज्वारीची भाकरी, शेंगदाण्याची चटणी, दही, मटकी, चालत असेल तर अंडी. सरावाला येताना पोट रिकामं नको, एक केळं पुरे. कडक भाकरी सरावानंतर.

यातून नोकरी लागते का?

राज्यात शासकीय नोकरीत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे, पण त्याला ठरलेल्या पातळीवरचं पदक आणि प्रमाणपत्राची पडताळणी लागते. शालेय स्पर्धा १४, १७ आणि १९ वर्षांखालील अशा तीन गटांत होतात, आणि प्रत्येक प्रमाणपत्र जपून ठेवा, लॅमिनेशन न करता. पण सातवीतल्या मुलीच्या पहिल्या आठवड्यात हा प्रश्न विचारू नका. ती तिथेच उभी असते, ऐकत असते.

पहिल्या दिवशी काय घेऊन यायचं?

साधे कॅनव्हासचे बूट, पाण्याची बाटली, जुनी पूर्ण बाह्यांची टी-शर्ट, कारण गोण्यांचं सूत कोपराला काचतं. बांगड्या, पैंजण, कानातलं घरी. आणि केस घट्ट, वर बांधून. दांडी कशानेही पडली, अगदी वेणीने पडली, तरी उडी बाद. एका शालेय स्पर्धेत आमच्या पोरीचं सगळं अंग १.३० वरून स्वच्छ गेलं, ती गोणीसारखी धप्पकन उतरली, हात वर केले, आणि मग मागून वेणी आली.